जिथे माणूस जात नाही

सासऱ्यांना समितीवर घेतल्याचं तिला घरी नाही, मेसमध्ये कळलं. दुपारी ती कोपऱ्यातल्या टेबलाशी जेवत बसली होती. लढाऊ विमानांच्या तुकडीतला एक वैमानिक हातात ताट घेऊन तिच्या खुर्चीमागे थबकला आणि म्हणाला, "काय ज्योतिषीबाई, आता काय बुवा, घरचाच न्यायाधीश! वेगळं दल झालं की आम्हा गरिबांना ओळख दाखवा म्हणजे झालं."

"कसला न्यायाधीश?"

"म्हणजे तुम्हाला ठाऊकच नाही?" तो ओशाळला. "सकाळी बातमी होती की. अंतराळासाठी वेगळं सैन्यदल काढायचं की नाही, ते ठरवायला सरकारने समिती बसवलीय. पाच जण आहेत. त्यात तुमचे एअर मार्शलसाहेब."

ती "हो का" म्हणाली आणि पुन्हा जेवू लागली. वैमानिक क्षणभर घुटमळला आणि आपल्या मंडळींच्या टेबलाकडे निघून गेला. तिकडे थोड्या वेळाने मोठा हशा झाला. तो तिच्यावरच होता असं काही नाही, पण तिने मान वर केली नाही.

ती वायुदलात विंग कमांडर होती, पण विमान चालवणारी नव्हे. धावपट्टीच्या पार टोकाला, कुंपणाला लागून एक बैठी इमारत होती आणि तिच्या मागे एक मोठी फिरती तबकडी. आपल्या देशाचे उपग्रह कुठे आहेत, त्यांच्या आसपास कोणाचं काय फिरतंय, हे त्या इमारतीत बसून बघायचं, हे तिचं काम. वर बघून पुढचं सांगतात म्हणून वैमानिकांनी तिथल्या सगळ्यांनाच ज्योतिषी करून टाकलं होतं. त्यात वाईट हेतू नव्हता. पण ती तिथे आल्याला आठ वर्षं झाली होती, आणि एवढ्या वर्षांत त्यांच्यापैकी एकाही माणसाला ती इमारत आतून कशी आहे ते बघावंसं वाटलं नव्हतं.

संध्याकाळी ती घरी पोचली तेव्हा सासरे मागच्या पायरीवर बसून तिच्या वर्दीच्या बुटांना पॉलिश करत होते. हे काम त्यांनी तिला कधी करूच दिलं नव्हतं. पूर्वी ते दोन जोड घेऊन बसायचे, एक मुलाचा आणि एक सुनेचा. आता एकच असे, म्हणून त्याच्यावर दुप्पट वेळ जाई.

"बाबा, मला मेसमध्ये कळलं."

"हं." ब्रश थांबला नाही. "सांगणारच होतो. परवा फोन आला होता. म्हटलं, आधी आपलं ठरू दे, हो म्हणायचं की नाही."

"आणि हो म्हणालात."

"म्हणालो. इथे बसून तरी काय करतोय? माळ्याशी भांडतोय. तोही हल्ली उलट बोलत नाही, त्यात काय मजा?"

ती हसली आणि चहा टाकायला आत गेली.

त्या घरात ती दोघंच राहत होती. सासूबाई फार पूर्वी गेल्या. नवरा मालवाहू विमानं चालवायचा. सहा वर्षांपूर्वी धुक्यात त्याचं विमान डोंगराला धडकलं. त्यानंतर तिच्या आईने दोनतीनदा येऊन सांगून पाहिलं, की अजून वय आहे, पुन्हा संसार मांड, निदान स्वतःचं सरकारी क्वार्टर तरी घे. ती दर वेळी "बघू" म्हणाली. सासऱ्यांना एकटं सोडवत नव्हतं, हे एक. दुसरं कारण तिला सांगता आलं नसतं. त्या घरात कोणी दुःखाचं बोलत नसे, आणि तेवढ्यासाठीच तिला तिथे श्वास घेता येत असे. दोघं बोलायची ती वायुदलाबद्दल. कोणाची बढती झाली, कोणतं विमान आता निवृत्त होणार, मेसचं जेवण कसं बिघडत चाललंय. आणि गेली दोन वर्षं, वर्तमानपत्रांत चर्चा सुरू झाल्यापासून, वेगळ्या दलाबद्दल.

सासऱ्यांचं मत पक्कं होतं. जेवताना ते चमचा हवेत धरून सांगत, "अगं, वेगळं दल म्हणजे काय? वेगळा सेनापती, वेगळं मुख्यालय, वेगळी वर्दी, वेगळा बँड. पहिली दहा वर्षं खोल्या आणि गाड्या मिळवण्यात जातील. चार माणसांचं दल आणि चाळीस माणसांचं ऑफिस! आणि मुळात दल कशाला म्हणतात? माणसं जातात, लढतात, कधी परत येत नाहीत, त्याला दल म्हणतात. जिथे माणूस जात नाही, तिथे दल कसलं?"

'परत येत नाहीत' हे शब्द तोंडातून गेले की ते चमचा खाली ठेवत आणि काही वेळ भांड्यांचेच आवाज येत. मग तीच पुन्हा वाद उकरून काढी. "पण बाबा, तुमच्या वायुदलालाही भूदलवाले हेच म्हणाले होते ना? लढाई जमिनीवर होते, वरती घिरट्या घालणाऱ्यांना वेगळं दल कशाला हवं म्हणून?"

"तुमच्या नाही," ते म्हणत. "आपल्या."

समिती बसायचं कारण गेल्या हिवाळ्यात घडलं होतं, आणि ते तिच्याच खोलीत घडलं होतं. एका परक्या देशाचा उपग्रह आपली वाट सोडून हळूहळू सरकू लागला. भिंतीवरच्या पडद्यावर तो एक ठिपका होता, आणि आपला दळणवळणाचा उपग्रह दुसरा. दोन्हींमधलं अंतर रोज थोडं कमी होत होतं. खोलीतल्या बाकीच्यांना त्यात विशेष काही वाटलं नाही, कारण ठिपके सरकतातच. पण तिला ती चाल ओळखीची वाटली. काही वर्षांपूर्वी ह्याच उपग्रहाने असंच एका तिसऱ्याच देशाच्या उपग्रहाला गाठलं होतं आणि महिनाभर त्याला चिकटून बसला होता. बहुधा त्याचं बोलणं ऐकत होता.

तिने स्टेशन कमांडरांना फोन केला. त्यांनी लगेच मुख्यालयाला कळवलं. मुख्यालय म्हणालं, हा उपग्रह मुख्यतः नौदल वापरतं, त्यांना विचारा. नौदल म्हणालं, आम्ही वापरतो खरे, पण तो हलवायचा तर शास्त्रज्ञांनी हलवायचा. शास्त्रज्ञ म्हणाले, हलवू की, पण इंधन जळेल, उपग्रहाचं आयुष्य वर्षभराने घटेल, तेव्हा तसा हुकूम द्या. हुकूम कोणी द्यायचा, ह्यावर घोडं अडलं. तीन दिवस ही टोलवाटोलवी चालली. चौथ्या दिवशी तो परका ठिपका आपण होऊन दूर सरकला आणि सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. चूक कोणाचीच नव्हती. प्रत्येकाने आपापल्या जागेवरून बरोबर तेच सांगितलं होतं. ते तीन दिवस ती मात्र पडद्यासमोर बसून होती, आणि आपण सांगतोय ते ऐकायला ह्या एवढ्या मोठ्या देशात नक्की कोण बसलंय, हे तिला कळत नव्हतं.

गोष्ट यथावकाश वर्तमानपत्रांपर्यंत पोचली आणि समिती बसली. साहजिकच साक्षीसाठी तिलाही बोलावणं आलं.

समितीचे अध्यक्ष निवृत्त न्यायमूर्ती होते. सदस्य आणि साक्षीदार एकाच घरात राहतात हे कळल्यावर त्यांनी दोघांना फोनवर एकच सूचना दिली. काम संपेपर्यंत ह्या विषयावर घरात अक्षर बोलायचं नाही. दोघंही शिस्तीतली माणसं. त्या दिवसापासून जेवणाच्या टेबलावर तो एक विषय बंद झाला, आणि मग लक्षात आलं की दुसरा विषय नव्हताच. बढत्यांबद्दल बोलावं तर ते समितीकडे जाई. नव्या विमानांबद्दल बोलावं तर तेही. काही दिवस हवापाण्यावर काढले. मग सासरे जेवताना रेडिओ लावू लागले.

साक्षीच्या दिवशी दोघं एकाच वेळी तयार झाली. दाराशी समितीची गाडी येऊन उभी राहिली. सासरे कोट चढवत बाहेर आले, गाडीकडे बघितलं, तिच्याकडे बघितलं.

"तू कशी येणार?"

"बसने."

"एकाच ठिकाणी तर जायचंय."

"बाबा, चालणार नाही ते."

"हो, चालणार नाही." ते गाडीत बसले. गाडी तिच्या शेजारून गेली तेव्हा त्यांनी सवयीने हात वर केला आणि मग तेही करायचं की नाही ह्या शंकेने खाली घेतला.

साक्षीची खोली मोठी होती आणि तिच्यात एसीचा नको इतका गारवा होता. लांब टेबलाच्या एका बाजूला पाच जण. मधे न्यायमूर्ती. त्यांच्या उजव्या हाताला एक निवृत्त नौसेनापती आणि एक शास्त्रज्ञ बाई. डाव्या हाताला अर्थखात्याचे माजी सचिव आणि कडेला सासरे. टेबलाच्या दुसऱ्या बाजूला तिची एकटीची खुर्ची.

"माझ्या डाव्या बाजूला कडेला बसलेले सदस्य आपले सासरे आहेत, ह्याची नोंद झाली आहे," न्यायमूर्ती म्हणाले. "ते आपल्याला प्रश्न विचारणार नाहीत."

तिने हिवाळ्यातली हकिकत सांगितली. शास्त्रज्ञ बाईंनी बारीकसारीक विचारून घेतलं. मग अर्थखात्याचे सचिव पुढे झुकले. "मला एक साधा प्रश्न आहे. जिथे माणूस जात नाही, तिथे दल कसलं?"

प्रश्न कोणाचा आहे हे तिने लगेच ओळखलं. समितीच्या चर्चेत कधीतरी सासरे बोलले असतील आणि सचिवांना तो पटला असेल. सासरे समोरच्या कोऱ्या कागदाकडे बघत होते.

"तिथे माणूस जात नाही हे खरं आहे," ती म्हणाली. "पण इथे बसून बघणारा माणूस लागतो, आणि तो घडायला पाचसहा वर्षं लागतात. ठिपका सरकला हे कोणालाही दिसतं. तो का सरकला हे कळायला त्याला आधी कधीतरी पाहिलेलं असावं लागतं. आमच्याकडे तीन वर्षांनी बदली होते, कारण वायुदलात बढती हवी तर चार ठिकाणची कामं केलेली लागतात. माझ्या खोलीत आलेले सगळे हुशार होते. शिकले आणि गेले. कोणी पगारवाटपाला, कोणी भरतीला. त्यांना दोष कसा देणार? त्यांनाही घरदार आहे."

"आपण मात्र आठ वर्षं आहात."

"मी दोनदा बढती सोडली."

"का?"

हा प्रश्न तिने अपेक्षिला नव्हता. "मला तिथे बरं वाटतं," ती म्हणाली. ते उत्तर त्या खोलीत फारच लहान वाटलं.

"म्हणजे आपलं म्हणणं, वेगळं दल हवं?" न्यायमूर्तींनी विचारलं.

"वेगळा बँड नको, वेगळं मुख्यालय किती मोठं असावं ते मला कळत नाही. ज्या घरात ह्या कामाचा माणूस जन्मभर राहू शकेल आणि तरी मोठा होऊ शकेल, असं एक घर हवं. त्याला दल म्हणतात असं मला वाटतं. दुसरं नाव असेल तर तेही चालेल."

नौसेनापती इतका वेळ गप्प होते. त्यांनी तिच्या खांद्यावरच्या पट्ट्यांकडे बोट केलं. "उद्या ते दल झालं, तर ही वर्दी उतरवायची तयारी आहे?"

ती निळी वर्दी तिच्या नवऱ्याची होती, सासऱ्यांची होती. घरातल्या भिंतींवर जेवढे फोटो होते तेवढ्यांत तीच होती.

"हो," ती म्हणाली.

सासऱ्यांनी कागदावर काहीतरी लिहिलं. मान वर केली नाही.

त्या संध्याकाळी बसला गर्दी होती, ती उशिरा पोचली. सासरे मागच्या पायरीवर बसले होते आणि तिचे बूट चमकत होते. ती शेजारून आत जाऊ लागली तसे ते म्हणाले, "माईक लांब होता. आवाज थोडा मोठा ठेवायचा असतो."

"हो बाबा."

"हो म्हणायला तुला वेळ लागला नाही."

ती दारात थांबली. "लागला, बाबा. तिथे दिसला नाही एवढंच."

त्यांनी मान हलवली. ह्याहून जास्त बोललं असतं तर न्यायमूर्तींची सूचना मोडली असती. दोघांनी मोडली नाही.

अहवाल यायला उन्हाळा संपला. तीन विरुद्ध दोन मतांनी समितीने ठरवलं, की स्वतंत्र अंतराळ दलाची आज गरज नाही. वायुदलातच एक नवा विभाग काढावा आणि त्यावर एक एअर मार्शल नेमावा. ह्या कामातल्या अधिकाऱ्यांची उपेक्षा होऊ नये म्हणून एक सुधारणाही सुचवली होती. इथे काम केलेल्यांना बढतीत प्राधान्य द्यावं, आणि कोणाही अधिकाऱ्याला एकाच जागी अडकवून ठेवू नये. ह्या कामाचं ज्ञान सगळ्या दलभर पसरलं पाहिजे. सरकारला ही शिफारस फारच आवडली, कारण तिला पैसे लागत नव्हते.

पंधरवड्यात तिची बढती आली. ग्रुप कॅप्टन. सोबत बदलीही आली, दूरच्या कोरड्या पठारावरच्या रसद भांडारावर. वायुदलाची ब्लँकेटं, टायर, रंगाचे डबे आणि पॅराशूट जिथून देशभर जातात तिथे. खोलीतल्या सहकाऱ्यांनी केक आणला. मेसमध्ये तो वैमानिक उठून उभा राहिला, कडक सॅल्यूट ठोकला आणि म्हणाला, "मॅडम, शेवटी ग्रह उच्चीचे निघाले!" ह्या वेळी सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. माणसं मनापासून आनंदली होती. तिने केक कापला, सगळ्यांना दिला, स्वतः खाल्ला.

घरी सासऱ्यांनी तिच्या आधीच ऐकलं होतं. ते दारातच उभे होते, आणि गेल्या कित्येक वर्षांत त्यांचा चेहरा तिने इतका उजळलेला पाहिला नव्हता.

"ये, ग्रुप कॅप्टन! झालं की नाही शेवटी?"

"झालं, बाबा."

"आता बोलायला हरकत नाही. ते बढतीचं कलम मी घातलं." ते तिच्यामागोमाग स्वयंपाकघरात आले. "त्या दिवशी तू म्हणालीस ना, दोनदा सोडली म्हणून? मला ठाऊकच नव्हतं! घरात राहतेस आणि बोलली नाहीस. मी न्यायमूर्तींना म्हटलं, दल वेगळं करू नका, पण ह्या मुलांवर अन्याय होतोय तो थांबवा. कोणालाही तिथे कुजवत ठेवू नका. त्यांना पटलं. लगेच पटलं."

ती गॅस पेटवत होती. काडी बोटापर्यंत जळत आली तेव्हा तिने ती टाकली.

"बाबा, मला बढती नको होती."

"म्हणजे?"

"म्हणून तर दोनदा सोडली."

"ती जागा सोडवत नाही म्हणून सोडलीस. पण त्यात तुझं नुकसान किती झालं! तुझ्यामागून आलेले पुढे गेले. तुला न्याय मिळाला ना आता? मग तुला काय हवं होतं?"

"तीच खोली," ती म्हणाली.

सासरे खुर्चीवर बसले. तिने दुसरी काडी ओढून चहा ठेवला. चहाला उकळी आली, तो उतू गेला, तिने ओटा पुसला.

"मी फोन करतो," ते शेवटी म्हणाले. "मुख्यालयात अजून माझ्या हाताखालचे दोघे आहेत. बदली थांबेल."

"नको."

"अगं, एक फोन."

"नको, बाबा. माझ्या आधी जे गेले त्यांनी काय करायचं? सगळ्यांना काही सासरे नसतात."

तिने हे हसत म्हटलं आणि तेही हसायला गेले, पण त्यांना ते जमलं नाही. त्यांनी हात टेबलावर ठेवले आणि त्या हातांकडे बघत बसले.

रसद भांडार म्हणजे पत्र्याच्या उंच छपरांच्या लांबच लांब कोठ्या. दिवसभर वारा त्या पत्र्यांतून शीळ घालत असे. तिथलं काम अवघड नव्हतं आणि माणसं चांगली होती. मुख्य भांडारपाल एक पोक्त गृहस्थ होते. कोणत्या तळाने किती टायर मागितले की तिथे काय शिजतंय, ह्याचे ते रोज नवे अंदाज बांधत, आणि ते बहुधा चुकत. तिला राहायला प्रशस्त बंगला होता, ग्रुप कॅप्टनला साजेसा. त्यातल्या एका खोलीत ती राहत असे, बाकीच्या बंद ठेवत असे. दर रविवारी सासऱ्यांचा फोन येई. तब्येत, माळी, तिकडचा वारा. फोन ठेवायच्या आधी दोघंही थोडा वेळ नुसतीच लाइनवर राहत.

एका सकाळी ती कोठीत ब्लँकेटांची तपासणी करत असताना शिपाई फोन आल्याचं सांगत आला. तिच्या जागी तिकडे आलेला अधिकारी बोलत होता. पूर्वीचा हेलिकॉप्टरवाला, सालस माणूस. काम मन लावून करायचा.

"मॅडम, त्रास देतोय. तो आपला जुना पाहुणा पुन्हा हललाय. ह्या वेळी वेगळ्याच बाजूने..."

तिच्या डोळ्यांपुढे पडदा उभा राहिला, दोन्ही ठिपक्यांसकट. वेगळ्या बाजूने म्हणजे कुठून, हे तिला न सांगता कळत होतं. पुढे तो काय करेल, हेही बहुधा सांगता आलं असतं. फोन साधा होता. भांडाराच्या ऑफिसातला, ज्यावरून टायरांच्या मागण्या येत.

"ह्या फोनवर बोलू नका," ती म्हणाली.

"मॅडम, एवढंच सांगा, मागच्या वेळी थांबण्याआधी त्याने..."

"मला आता हे ऐकायची परवानगी नाही."

तिने फोन दुसऱ्या कानाला लावला.

"स्टेशन कमांडरांना सांगा," ती म्हणाली. "मला रीतसर बोलावून घ्यायला सांगा. मी येईन. लगेच येईन."

"हो मॅडम. सॉरी, मॅडम."

तिने फोन ठेवला. संध्याकाळी बॅग भरून दाराशी ठेवली. दुसऱ्या दिवशी बोलावणं आलं नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. बोलवायचं तर भांडाराच्या वरिष्ठांची संमती लागते, त्यासाठी नव्या विभागाने मुख्यालयाला विचारावं लागतं, हे सगळं तिला पाठ होतं. ती रोज बातम्या ऐकत होती. त्यांत काही नव्हतं. फोन चालू होते, टीव्ही चालू होता, म्हणजे निभावलं असावं. आठवड्याने तिने बॅग रिकामी केली. त्या दिवसांत वरती काय झालं हे तिला कधीच कळलं नाही.

थंडी सुरू व्हायच्या आधी सासरे आले. न कळवता, दिवसभराचा बसप्रवास करून. भांडाराच्या फाटकावर पहारेकऱ्याने त्यांच्याकडे ओळखपत्र मागितलं तेव्हा त्यांनी आपलं जुनं वायुदलाचं कार्ड काढून दाखवलं आणि पहारेकरी इतका गडबडला की त्याने दोनदा सॅल्यूट केला. तिने बंगल्याची एक बंद खोली उघडली, झाडली, पलंग लावून दिला. भांडारपालांनी त्यांना सगळ्या कोठ्या हिंडून दाखवल्या. सासऱ्यांनी टायरांना हात लावून बघितला आणि हे कोणत्या विमानाचे ते बरोबर सांगितलं. दोघे दुपारभर रंगले.

रात्रीचं जेवण झाल्यावर तिने फोनची गोष्ट सांगितली. तिला सांगता येण्यासारखी होती तेवढीच. कोणाचा आला, आणि तिने ठेवला, एवढंच.

सासऱ्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "दल वेगळं नको, हे मी आजही म्हणेन. माझं मत बदललेलं नाही. पण तुला तिथून हलवायला नको होतं."

"बाबा, त्या दोन गोष्टी वेगळ्या नव्हत्या."

त्यांनी तिच्याकडे बघितलं. वाद घालायला जसा चमचा उचलत तसा हात उचलला, आणि तो तसाच अर्ध्यावर राहिला. "असेल," ते म्हणाले. "असेल तसं." मग पाण्याचा पेला जवळ ओढला आणि विचारलं, "तू परत येऊ शकशील, किती वर्षांनी?"

"तीन वर्षांनी इथून बदली होईल. कुठे, ते कसं सांगू?"

"तोवर मी ऐंशीकडे झुकेन."

"मग इथेच राहा ना. खोल्या पडल्यात रिकाम्या."

"बघू," ते म्हणाले. तिच्या आईला ती हेच म्हणायची.

ते आठवडाभर राहिले. वाऱ्याने त्यांचे कान दुखू लागले, रात्री पत्र्यांच्या आवाजाने झोप लागेना. घर किती दिवस बंद ठेवायचं, हेही होतंच. त्या घरातले फोटो त्यांना सोडवत नव्हते आणि तिला ते समजत होतं, म्हणून तिने आग्रह केला नाही. सकाळच्या बसला ती त्यांना पोचवायला गेली. वर्दीतच होती, परस्पर कामावर जायचं होतं. बस सुटण्याआधी त्यांनी खिडकीतून हात बाहेर काढला आणि तिच्या खांद्यावरची पट्टी सरळ केली. ती आधीपासून सरळच होती.

"जेवत जा नीट," ते म्हणाले.

"तुम्ही पण."

बस धुरळा उडवत वळणाआड गेली. स्टँडवर चहावाला आणि दोन बकऱ्या सोडून कोणी नव्हतं. ती चालतच भांडाराकडे परतली. फाटकातून आत आली तेव्हा टायरांचा एक ट्रक नुकताच येऊन लागला होता आणि हमाल फळ्या टाकत होते. भांडारपाल लगबगीने पुढे आले.

"मॅडम, साहेब गेले का? फार मोठा माणूस. बरं, हे एवढे टायर आलेत, पहिली कोठी भरलीय. कुठे ठेवू?"

ती क्षणभर ट्रककडे बघत राहिली.

"तिसरीत जागा आहे," ती म्हणाली. "चला, मी येते."